नेरियम नको, कण्हेर म्हणा

विजापूर रोडला एका नर्सरीत गेलो होतो, कंपाउंडच्या कडेनं लावायला काहीतरी पाहिजे होतं जे सोलापुरात जगेल. आता सोलापुरात जगेल ही अट किती अवघड आहे ते इथल्या माणसाला सांगायला नको, वर्षाला साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस, मे महिन्यात पारा बेचाळीस-त्रेचाळीस, आणि नळाला पाणी चार-पाच दिवसांतून एकदा, त्यात माणसांनी आंघोळ करायची का झाडांनी. नर्सरीतल्या पोरानं लगेच काळ्या पिशव्यांमधली रोपं पुढं ओढली. लांब लांब पानं, गुलाबी फुलांचे गुच्छ. "हे घ्या सर, नेरियम. ड्वार्फमध्ये पण आहे. पाणी नको, खत नको, कीड नाही, शेळ्यासुद्धा तोंड लावत नाहीत."

मी म्हणलं, ही तर कण्हेर की. तो म्हणला, कण्हेर वेगळी सर, हे नेरियम आहे.

वेगळी बिगळी काही नाही. नेरियम ओलिअँडर हे कण्हेरीचंच शास्त्रीय नाव, आजीच्या परसात विहिरीजवळ असायची तीच ही, फक्त कापून बुटकी केलेली आणि पिशवीत घातलेली. पण त्या पोराला दोष देत नाही मी, मालकानं जेवढं शिकवलं तेवढं तो बोलतोय. गंमत अशी की त्यानं जाहिरात म्हणून जे वाक्य टाकलं त्यातच सगळं आलं होतं. शेळी म्हणजे बाभळीच्या काट्यातनं पाला ओरबाडणारी, निवडणुकीचं पोस्टर खळीसकट खाणारी, ती ज्याला तोंड लावत नाही त्यात काहीतरी असणार ना. ते काय असतं हे तो सांगत नाही, आपण विचारत नाही, आणि झाड रिक्षात बसून घरी येतं.

माझं म्हणणं एवढंच आहे की कण्हेर लावायला काही हरकत नाही, पण ती विकताना, लावताना आणि छाटताना तिच्यात विष आहे हे मोठ्यानं सांगितलं पाहिजे. सांगणारी माणसं आता राहिली नाहीत म्हणून ते काम पाटीनं करायचं. बाकी जे लिहितोय ते याच्याच आजूबाजूचं आहे.

आधी विषाचं बघू. माझ्या वडलांना हार्टची एक गोळी चालू होती, डिगॉक्सिन, पाव मिलिग्रॅमची. आठवड्यातनं पाच दिवस, शनिवार-रविवार सुट्टी, म्हणून आई तिला ऑफिसची गोळी म्हणायची. डॉक्टरांनी बजावून ठेवलं होतं की एखाद्या दिवशी राहिली तर राहू दे पण दुसऱ्या दिवशी डबल घ्यायची नाही, आणि मळमळ सुरू झाली, सगळं पिवळं पिवळं दिसायला लागलं तर तडक दवाखान्यात यायचं. ही गोळी युरोपातल्या डिजिटॅलिस नावाच्या झाडांच्या कुटुंबातली, तीसुद्धा लोक बागेत शोभेला लावतात, आणि विल्यम विदरिंग नावाच्या इंग्रज डॉक्टरनं १७८५ साली त्या झाडाच्या औषधी उपयोगावर आख्खं पुस्तक लिहिलं. कण्हेरीत ओलिअँड्रिन नावाचं जे द्रव्य आहे ते याच गोळीचं भाऊबंद. हृदयाच्या पेशीत सोडियम बाहेर टाकून पोटॅशियम आत घेणारा एक पंप असतो, दोघंही त्या पंपाला पकडतात. गोळीत ते पाव मिलिग्रॅम मोजून दिलेलं, तरी वर शनिवार-रविवार सुट्टी. झाडात कोण मोजणार? पानात आहे, फुलात आहे, खोडात, मुळात, चिकात, सगळीकडं आहे, आणि पान वाळलं म्हणून किंवा उकळलं म्हणून ते जात नाही. पोटात गेलं की उलट्या, पोटात कळा, जुलाब, चक्कर, आणि मग नाडी मंद होते, ठोके चुकायला लागतात, रक्तातलं पोटॅशियम चढतं. डॉक्टर आधी ईसीजी काढतात ते यामुळंच.

पिवळी कण्हेर म्हणजे आपली बिट्टी, ती वेगळ्या वंशातली पण त्याच करवीर कुळातली, तिच्यात थेवेटिन नावाचं तसंच विष. बिट्टीच्या बियांनी आम्ही लहानपणी तासन् तास खेळलोय, ते त्रिकोणी कडक बी हातात बसतं छान. आणि सगळ्यात जास्त विष त्याच बीच्या गरात! पण आमच्यातल्या कुणीही ते बी फोडून तोंडात टाकलं नाही, कारण खेळायला घेतलं की कुठल्या ना कुठल्या ओट्यावरनं म्हातारीचा आवाज यायचाच, "ए, तोंडात घालू नका रे ते, मरचाल." आणि घरात जायच्या आधी हात धुवायला लावायची. ती म्हातारी हीच त्या काळातली पाटी होती. उत्तर श्रीलंकेत १९८० च्या दशकापासून या बिट्टीच्या विषबाधेचे इतके पेशंट यायला लागले की डिगॉक्सिनवर उतारा म्हणून असलेलं अँटिबॉडीचं इंजेक्शन तिथल्या पेशंटवर वापरून बघितलं, त्याचा निकाल २००० साली लॅन्सेट या वैद्यकीय साप्ताहिकात आला, उपयोग होतो म्हणून. पण ते इंजेक्शन महाग, आणि आपल्याकडं प्रत्येक दवाखान्यात हात घातला की मिळेल असं नाही.

आता शेळ्या. नर्सरीवाला म्हणतो तोंड लावत नाहीत, ते हिरव्या, उभ्या झाडाबद्दल खरं आहे, कडू जहर लागतं. पण छाटून टाकलेला पाला दोन-तीन दिवसांनी कोमेजला, वाळला, दुसऱ्या गवतात मिसळला की जनावर खातं. विष तेवढंच राहतं.

आमच्या मागच्या गल्लीत एक मावशी आहेत, पाच शेळ्या होत्या त्यांच्याकडं. जानेवारीत, सिद्धेश्वरांच्या गड्ड्याच्या यात्रेच्या आधी, पाहुणे येणार म्हणून शेजारच्या एका सोसायटीनं कंपाउंडची सगळी कण्हेर छाटली आणि ढीग नेऊन मोकळ्या प्लॉटवर टाकला. कुणी उचलला नाही, तीन दिवस ऊन खात पडला. चौथ्या दिवशी सकाळी मावशींची हाक ऐकू आली म्हणून गेलो तर एक शेळी आडवी, पाय ताणलेले, दुसरी भिंतीला टेकून उभी, मान लांब केलेली, तोंडातनं फेस. "काय खाल्लं बे हिनं, रातच्याला तर बरी होती," एवढंच त्या परत परत म्हणत होत्या. जनावराचे डॉक्टर आले, त्यांनी उभ्या शेळीच्या डाव्या कोपराच्या मागं स्टेथोस्कोप लावला आणि कितीतरी वेळ काढलाच नाही. मग वर बघून पहिला प्रश्न, इथं कण्हेर आहे का कुठं? तोंडात बोट घालून त्यांनी चघळलेला पाला काढला, तळहातावर पसरला. कण्हेरीचं पान चघळलेलं असलं तरी कळतं, मधली शीर जाड आणि तिच्यातनं दोन्ही बाजूला बारीक शिरा एकाला एक समांतर निघालेल्या, कंगव्याच्या दातासारख्या. संध्याकाळपर्यंत दुसरी पण गेली. तिसरीनं थोडंच खाल्लं असावं, ती वाचली.

सोसायटीत विचारायला गेलो तर उत्तर मिळालं, आम्ही काय शेळ्यांना आवतन दिलतं का. भांडण झालं, वायफळ झालं. नंतर शांत डोक्यानं विचार केला तर त्यांचंही खरं होतं, त्यांना माहीतच नव्हतं. छाटणारा माणूस रोजंदारीवरचा, त्याला नाही. चेअरमन पुण्यात वाढलेले, त्यांना नाही. आणि मावशी, ज्यांचं आयुष्य जनावरात गेलं, त्यांना कण्हेर माहीत होती हो चांगली, पण ढिगात ती आहे हे दिसलं नाही, बुटकी जात, फुलं झडलेली. तिघांत मिळून माहिती पूर्ण होती असं म्हणायला पण जागा नाही, कारण तिघं एकमेकांशी बोललेच नाहीत.

याच्या उलट ज्वारीचं बघा. आपला जिल्हा ज्वारीचा, आणि कोवळी ज्वारी, विशेषतः पाण्याचा ताण बसलेली, जनावराला लागते, तिच्यात धुरिन असतं, त्याचं पोटात गेल्यावर सायनाइड होतं. सायनाइड! तरी मंगळवेढ्याच्या, मोहोळच्या रानात कुणी ज्वारीवर बंदी घाला म्हणत नाही, कारण बारकं पोरगं पण जनावर कोवळ्या ताटात शिरलं की ओरडत पळतं. विष घरात आहे, त्याचं ज्ञान पण घरात आहे, बरोबर दोन्ही नांदतात. कण्हेरीचं तसंच होतं. मधल्या काळात झाड शहरात आलं आणि ज्ञान गावाकडं राहिलं, वर तिचं नावही बदललं. माझा खरा राग त्या नावावर आहे. कण्हेर म्हणलं की पन्नाशीच्या पुढच्या माणसाच्या कपाळाला आठी पडते, नेरियम म्हणलं की कुणाला काहीच होत नाही. जुन्या लोकांनी तर नावातच घालून ठेवलं होतं, संस्कृतात कण्हेरीला करवीर म्हणतात तसं अश्वमारक पण म्हणतात, घोडा मारणारी. सुश्रुतानं मुळात विष असणाऱ्या झाडांमध्ये तिला धरलंय, आयुर्वेदात उपविषांच्या यादीत रुई, धोत्रा, गुंज यांच्या ओळीत ती बसते. एवढं स्पष्ट नाव असलेलं झाड आपण इंग्रजी पिशवीत घालून विकतोय.

नाव गेल्यावर काय होतं ते मी मागच्या वर्षी एका लग्नात बघितलं. कार्यालय मोठं, केटरर भारीतला. स्वीटच्या काउंटरवर श्रीखंडाच्या वाट्या मांडलेल्या आणि प्रत्येक वाटीत वर एक एक गुलाबी फूल खोचलेलं, देठ श्रीखंडात. फोटो काढायला लाइन. मी जवळ जाऊन बघितलं तर कण्हेर. काउंटरवरच्या पोराला सांगितलं तर तो हसला, म्हणला, खायचं नसतंय काका, डेकोरेशन आहे. अरे पण चीक? मॅनेजरला बोलावलं, त्याला माझ्याबद्दल काय वाटलं असेल ते असो, पण त्यानं फुलं काढली, श्रीखंड तेच ठेवलं. कुणाला काही झालं नाही, तेवढ्यानं होतही नसावं. मी घाबरवायला हे सांगत नाहीये. पोरं चुकून एखादं पान चावतात, कडू लागलं की थुंकतात, आणि अशा चुकून झालेल्या प्रकारात जीव जाणं क्वचितच. पण पेढ्यावर पिठीसाखरेऐवजी उंदराचं औषध भुरभुरून वर थोडंसंच आहे असं म्हणणार का आपण?

मग लोक दुसऱ्या टोकाला जातात, काढून टाका सगळी. एप्रिल २०२४ मध्ये केरळात एक तरुण मुलगी परदेशी नोकरीला निघाली होती, फोनवर बोलता बोलता अंगणातल्या अरळीचं पान तोडून चावलं असं सांगतात, अरळी म्हणजे कण्हेरच, आणि विमानतळावर कोसळली, पुढं दवाखान्यात वारली. ती बातमी आली आणि आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दोन दिवस नुसता धुमाकूळ, कुणी म्हणे हायवेची कण्हेर जाळा, कुणी बायकोला न विचारता गच्चीवरच्या कुंड्या उपटल्या. त्याच ग्रुपवर दर सहा महिन्यांनी डम्ब केन या शोभेच्या झाडाच्या पानाचा फॉरवर्ड येतो, एका मिनिटात लहान मूल मरतं म्हणून. त्या झाडात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक असतात, तोंड जळतं, जीभ सुजते, त्रास होतो, पण एका मिनिटात मरण वगैरे थापा. म्हणजे जे फारसं मारत नाही त्याला आपण घाबरतोय आणि जे मारू शकतं ते श्रीखंडात खोचतोय.

केरळात सरकारी देवस्वम बोर्डांनी, म्हणजे देवळांचा कारभार बघणाऱ्या मंडळांनी, काय केलं ते शहाणपणाचं वाटलं मला. त्रावणकोर आणि मलबार या दोन बोर्डांनी मे २०२४ मध्ये ठरवलं की नैवेद्यात आणि प्रसादात अरळीचं फूल नको. पूजेला चालेल. झाडं तोडा असं नाही म्हणले, तोंडापर्यंत जाणारी वाट फक्त बंद केली.

आपल्याला पण एवढंच करायचंय. सिद्धेश्वरांचं गाव आपलं, अडुसष्ट लिंगं, श्रावणी सोमवारी कण्हेरीची फुलं वाहिल्याशिवाय कुणाचं भागत नाही, आणि मी स्वतः वाहतो. पण तीर्थाच्या पातेल्यात फूल तरंगायला टाकू नका, खडीसाखरेच्या ताटात ठेवू नका. गणपतीच्या एकवीस पत्रींत करवीर आहे, अर्क म्हणजे रुई आहे, धत्तूर म्हणजे धोत्रा आहे, देवाला चालतं, त्याचं पोट वेगळं. दुसऱ्या दिवशी ते निर्माल्य कॅरीबॅगमधनं चौकात टाकलं की गाय कॅरीबॅगसकट खाते, तिचं पोट साधं आहे. निर्माल्य कलशात टाका म्हणून आपण नदी-तलावासाठी बोंबलतो, त्यात गाईचं कारण पण घाला.

हायवेच्या डिव्हायडरवर मात्र कण्हेरच पाहिजे असं माझं मत आहे. पुण्याकडं जा का हैदराबादकडं, मधल्या पट्ट्यात तीच दिसते, आणि ते बरोबर आहे. समोरच्या गाडीचे हेडलाइट डोळ्यावर येत नाहीत, धूळ-धूर सहन करते, टँकरच्या पाण्यावर तग धरते, जनावर खात नाही म्हणून रस्त्याच्या मधोमध चरायला येत नाही. विष आहे म्हणून ती तिथं उपयोगी आहे. उद्या ती काढून गवत लावलं तर म्हशी डिव्हायडरवर येतील आणि विषापेक्षा जास्त माणसं ट्रकखाली जातील. फक्त छाटणीचं टेंडर काढताना त्यात एक ओळ घाला की पाला त्याच दिवशी उचलायचा, उघड्यावर टाकायचा नाही, आणि जाळायचा पण नाही, धूर डोळ्याला आणि छातीला त्रास देतो. हुरड्याच्या आगटीत तर नकोच नको. गोवऱ्या कमी पडल्या म्हणून कंपाउंडची वाळकी काटकी ओढून घालणारे महाभाग मी पाहिलेत.

अंगणवाडी, बालवाडी, बागेतला घसरगुंडीचा कोपरा, तिथं कण्हेर आणि विशेष करून बिट्टी नसावी, यावर वाद घालायला मला वेळ नाही. जास्वंद लावा की, काय कमी आहे.

आणि पाटी. शेतकऱ्याला कीटकनाशकाच्या डब्यावर त्रिकोण ओळखायला शिकवावं लागत नाही, तांबडा म्हणजे सगळ्यात जहाल, मग पिवळा, मग निळा, हिरवा. १९६८ च्या कीटकनाशक कायद्याखाली नियम झाले म्हणून तो त्रिकोण आला, आणि आज अडाणी माणूस पण तांबडा त्रिकोण बघून डबा माळ्यावर ठेवतो. नर्सरीच्या पिशवीवर मी आजवर भावाशिवाय काही लिहिलेलं पाहिलं नाही. विषारी शोभेच्या झाडांच्या पिशवीला असाच एक त्रिकोणी टॅग लावायला किती खर्च येतो? राज्याचा नियम होईल तेव्हा होईल, महापालिकेला स्वतःच्या बागांमध्ये पाट्या लावायला कुणाची परवानगी लागत नाही.

यावर एका मित्रानं घेतलेला आक्षेप मला गंभीर वाटला. तो म्हणला, तू पाटी लावून ज्याला माहीत नाही त्याला पण सांगायलास, वाईट मनःस्थितीतल्या माणसानं वाचलं तर? मी दोन दिवस यावर विचार केला. म्हणून पाटीवर किती, कसं हे काही लिहायचं नाही. तोंडात घालू नका, जनावराला घालू नका, हात धुवा, कुणी खाल्लं असेल तर मीठ-पाणी पाजून उलट्या काढत बसू नका, त्रास सुरू व्हायची वाट बघू नका, १०८ लावा आणि फांदी सोबत न्या. एवढंच. फांदी का, तर डॉक्टरला अंदाज करत बसावं लागत नाही. माहिती झाकून ठेवण्यानं कोण वाचतं ते मला मावशींच्या गोठ्यात दिसलं नाही.

तर ती नर्सरीतली रोपं मी घेतली. सहा घेतली. पोराला म्हणलं, गिऱ्हाइकाला कण्हेर म्हणून विक, तो म्हणला, मग कोण घेणार सर. मी घेतलीच की, म्हणलं.

आता कंपाउंडवर पत्र्याची एक पाटी आहे. आमची गल्ली म्हणजे अर्धी कन्नड बोलणारी, पूर्व भागातनं आलेली चार-पाच घरं तेलुगू, म्हणून मराठीत कण्हेर, खाली कणगिले, खाली गन्नेरू, तिन्ही देवनागरीत, कारण मला तेवढीच लिपी येते. समोरच्या घरातल्या सातवीतल्या पोरीनं ते बघितलं, घरातनं मार्कर आणला आणि गन्नेरूच्या पुढं तेलुगू अक्षरात लिहिलं. मग खाली एक शेळी काढली. शेळीवर फुली मारली. मावशी येता जाता ती शेळी बघतात आणि म्हणतात शिंगं चुकलीत.